रोयाचा चेहरा वगळून

"रोयाचा चेहरा काढून टाक. सगळ्या शॉट्समधून," नसरीन म्हणाली, तेव्हा पिक्चर लॉक झालं होतं. म्हणजे एडिटिंग संपलं, आता एकही शॉट हलणार नाही. एडिटर मीच होतो.

नसरीन मूळची तेहरानची, सिंगापूरला फिल्ममेकिंग शिकत होती. तिच्या शॉर्ट फिल्ममधल्या लग्न न झालेल्या जोडप्याला भेटायला जागा नाही. ते गाडीतच भेटतात, गाडीतच भांडतात. शूटिंग तेहरानमध्येच झालं होतं. नायिका झालेली रोया नसरीनची मैत्रीण. शूटिंगनंतर तिला शाळेत नोकरी लागली होती, आणि आता तिला फिल्ममध्ये दिसायचं नव्हतं. फिल्ममध्ये तिचा स्कार्फ घसरलेला, मुलाचा हात हातात. कुणी ओळखलं असतं तर नोकरी गेलीच असती, शिवाय घरच्यांमागे चौकशी लागली असती.

सिंगापूरच्या बुओना व्हिस्टा भागातल्या आमच्या स्टुडिओत बॉस मिस्टर लिम त्यांच्या सिंगापुरी ढंगात म्हणाले, "ब्लर करा, लाह. एका दुपारचं काम."

"नाही. ब्लर केला की ती गुन्हेगार वाटेल," नसरीन म्हणाली.

"मग फिल्म सोडून दे."

"तेही नाही."

मी लॉक उघडलं. चेहरा वगळल्यावर उरलं काय? धुळकट काच, गिअरवर टेकलेले दोन हात, तिच्याकडे बघणारा तो. एका शॉटमध्ये तिच्या मनगटावरचा तीळ दिसला, तो शॉटही काढला. यातूनच फिल्म नव्याने जुळवली.

पण माणूस आवाजावरूनही ओळखू येतो. म्हणून रोयाचे संवाद नसरीनने डब करायचे ठरलं. स्टुडिओत ती बातम्या वाचल्यासारखी बोलायला लागली. शेवटी तिला चोआ चू कांगला, मी राहतो त्या इमारतीच्या कारपार्कमध्ये नेलं. ती माझ्या गाडीत पुढे बसली, मी माइक घेऊन मागे.

"माझ्याकडे बघू नकोस. समोर बघ," मी म्हणालो.

समोर नुसती भिंत होती. ती फारसीत बोलू लागली. बोलता बोलता आवाज चढला, मग एकदम बसला. मला फारसी येत नाही, पण लिहिलेले संवाद केव्हाच संपलेत एवढं कळत होतं. मी रेकॉर्डिंग थांबवलं नाही.

"शेवटचं स्क्रिप्टमध्ये नव्हतं ना?" मी नंतर विचारलं.

"नव्हतं. ते माझं होतं." तिने डोळे पुसले. "राहू दे."

राहू दिलं.

फिल्म एका फेस्टिव्हलमध्ये लागली. नसरीनने पाठवलेल्या लिंकवर रोयाने ती तेहरानला घरी, आईशेजारी बसून पाहिली; हे नसरीननेच मला सांगितलं. आईने विचारलं, "कोण गं ही मुलगी? हिला बोलायला घर नाही का?"

"काय माहीत," रोया म्हणाली.

आता नवीन काम आलं की मी आधी विचारतो, यात दिसणाऱ्यांची आजही परवानगी आहे ना? क्लायंट वैतागतात. पण त्या माणसांना फोन करून विचारतात.