सहा वर्षं भरली, बावीस उरली

आमच्या घराच्या कर्जाचा कागद मी पहिल्यांदा नीट वाचला, तेव्हा कर्ज घेऊन सहा वर्षं झाली होती. कर्ज घेताना वाचला नव्हता. बँकेतल्या मुलीने जिथे जिथे बोट ठेवलं तिथे आम्ही दोघांनी सह्या केल्या. किती केल्या ते मोजलं नाही, पण शेवटी शेवटी यांचं अक्षर बिघडायला लागलं होतं एवढं आठवतं.

त्याआधी आम्ही भाड्याने राहायचो. अकरा महिने झाले की सामान बांधायचं, नवी खोली, पुन्हा तोच दलाल. रत्नागिरीहून आलेल्या माणसाला मुंबईत घर परवडत नाही, म्हणून मीरा रोड. वन रूम किचन, चौथा मजला, पंधरा लाख. तीन लाख आमचे, म्हणजे यांच्या पीएफमधले आणि माझ्या भिशीतले. बाकीचे बारा बँकेचे. हे भाईंदर पूर्वेला स्टीलच्या भांड्यांच्या कारखान्यात पॉलिशचं काम बघतात. मी स्टेशनजवळच्या एका लॅबमध्ये काउंटरवर बसते. रक्त द्यायला आलेल्यांची नावं लिहायची, पैसे घ्यायचे, संध्याकाळी रिपोर्ट द्यायचे. हप्ता होता दहा हजार सातशे सत्त्याण्णव आणि मुदत वीस वर्षं. मला एवढंच माहीत होतं, आणि एवढं पुरेसं आहे असं वाटत होतं.

दर महिन्याच्या पाच तारखेला यांच्या खात्यातून पैसे कापले जायचे. एकदाही हप्ता चुकला नाही, याचा आम्हाला फार अभिमान होता. नातेवाइकांत बोलताना मी म्हणायची, "सहा झाली, आता चौदा राहिली."

मग बाथरूमची भिंत गळायला लागली. खालच्या मजल्यावरचे तक्रार करायला आले, तसं दुरुस्तीसाठी थोडं वाढीव कर्ज मिळतं का विचारायला मी बँकेत गेले. साहेबाने कॉम्प्युटरवर बघितलं, एक कागद छापून माझ्या हातात दिला. रोज दुसऱ्यांचे रिपोर्ट हाताळते, त्यामुळे माझी नजर आपोआप उजवीकडच्या आकड्यांवर जाते. तिथे लिहिलं होतं, शिल्लक हप्ते दोनशे पासष्ट.

मी मनात बाराने भागलं. पुन्हा भागलं.

"साहेब, हे चुकलंय. आमची चौदा वर्षं राहिलीत. इथे बावीस दाखवतंय."

"चुकलं नाही मॅडम. मध्ये व्याजाचा दर वाढला ना, नऊचा साडेदहा झाला. तुमचा हप्ता वाढू नये म्हणून मुदत वाढली."

"आम्हाला न सांगता?"

"मेसेज आला असेल. आणि हप्ता तर तोच आहे, तुम्हाला काय फरक पडतो?"

तो वाईट माणूस नव्हता. त्याला खरंच वाटत होतं की मला काही फरक पडत नाही. मी कागद घडी करून पर्समध्ये टाकला आणि बाहेर आले. बाथरूमचं कर्ज विचारायचं राहूनच गेलं.

घरी यांना कागद दाखवला. हे तेव्हा बेचाळीस वर्षांचे. बेचाळीस अधिक बावीस, चौसष्ट. कारखान्यात अठ्ठावन्नला घरी पाठवतात. यांनी कागद उलटा केला, सुलटा केला.

"कापले जातायत ना दर महिन्याला? मग बस्स."

"अहो, पावणेआठ लाख भरलेत आपण आणि कर्ज नव्वद हजाराने कमी झालंय. बाराचे अकरा लाख दहा हजार झालेत फक्त. बाकीचे कुठे गेले?"

"मला काय विचारतेस? सही तू पण केलीस."

हे खरंच होतं. यांना राग माझा नव्हता, हे मला कळत होतं. सहा वर्षं दिवाळीचे दिवस सोडून ओव्हरटाइम करणाऱ्या माणसाला कुणी सांगितलं की तू होतास तिथेच आहेस, तर तो चिडणार नाही तर काय?

लॅबमध्ये दर तीन महिन्यांनी एक म्हातारे सर साखर तपासायला यायचे. भाईंदरपलीकडच्या डोंगरी गावचे, पिढ्यान्‌पिढ्या तिथलेच. एकेकाळी त्यांची भातशेती होती. स्वतः मात्र आयुष्यभर शाळेत गणित शिकवलं. उपाशीपोटी रक्त दिलं की जेवून दोन तासांनी पुन्हा द्यायचं असतं, आणि मधल्या वेळात बसने गावी जाऊन परत येणं त्यांना जमायचं नाही. म्हणून ते डबा खाऊन माझ्या काउंटरजवळच्या खुर्चीत बसून राहायचे. त्या आठवड्यात ते आले तेव्हा मी त्यांना तो कागद दाखवला.

त्यांनी चष्मा पुसला. लॅबच्या फॉर्मची कोरी बाजू ओढली.

"बँक चोर न्हाय, बाय," ते म्हणाले. "पन ती आपनहून सांगत पन न्हाय. आता माझ्याबरोबर कर. अकरा लाख दहा हजारावर साडेदहा टक्के. एका महिन्याचं व्याज किती?"

मी कॅल्क्युलेटर घेतला. नऊ हजार सातशे बारा आलं.

"तुझा हप्ता किती? त्यातून वजा कर."

एक हजार पंच्याऐंशी.

"हा तुझा. बाकी सगळा तिचा. हप्ता आला की बँक पयलं आपलं व्याज घेते. उरलं तेवढंच मुद्दलात जातं."

मी त्या आकड्याकडे बघत राहिले. महिन्याला हजार रुपये! म्हणजे आम्ही जवळजवळ अकरा हजार देत होतो आणि घर हजार रुपयांनी आमचं होत होतं. भाड्याची खोली सोडून आलो असं म्हणत होतो, ते भाडंच तर भरत होतो.

"सगळे हप्ते मिळून किती होतील?" मी विचारलं.

"भरलेले बहात्तर, राहिलेले दोनशे पासष्ट. गुणाकार तुला येतो."

छत्तीस लाखांच्या वर. बारा लाखांच्या कर्जाला. काउंटरपलीकडे दोन पेशंट थांबले होते, मी त्यांना बसा म्हणाले.

सर हसले. "घाबरू नको, हेच गनित उलटं पन चालतं. पुढच्या महिन्यात हप्त्याच्या वर फक्त हजार-अकराशे जास्त भर. ते सगळे मुद्दलात जातील. तुझा शेवटचा एक हप्ता गळून पडेल, अख्खा. आज हजार भरायचे, शेवटचे अकरा हजार वाचवायचे. एवढा धंदा कोन देतो?"

मला त्या क्षणी जे वाटलं ते कसं सांगू? शाळेत मला गणितात जेमतेम पास व्हायला मार्क मिळायचे. बारावीनंतर शिकलेही नाही. आणि इथे सहा वर्षं जी गोष्ट अंधारात होती ती वजाबाकीची निघाली. बँकेच्या काचेमागे काही जादू चालत नव्हती. मला येणारीच वजाबाकी होती ती.

सरांनी आणखी दोन गोष्टी विचारल्या. पहिली, नवीन गिऱ्हाइकाला बँक किती टक्क्यांनी देतेय? दुसरी, बाजूला काही ठेवलंय का? ठेवलं होतं. मुलीच्या नावाने एक लाखाची एफडी, सात टक्क्यांनी.

"म्हनजे सातने देतेस आनि साडेदहाने घेतेस," सर म्हणाले. "अर्धी मोड. सगळी मोडू नको. चार महिन्यांचे हप्ते हातात राहिले पाहिजेत, काय वाट्टेल ते झालं तरी."

दुसऱ्या दिवशी अर्धी सुट्टी टाकून मी पुन्हा बँकेत गेले. या वेळी खुर्चीत टेकून बसले.

"नवीन कर्जाला आज किती दर आहे?"

"पावणेनऊ, मॅडम."

"मग आम्ही साडेदहा का भरतोय?"

"तुमचं जुनं खातं आहे. बदलून मिळतं, पण अर्ज करावा लागतो. थोडी फी आहे."

"अर्ज द्या."

फी सहा हजारांच्या आत होती. सहा हजारांत पावणेदोन टक्के खाली. एवढ्यासाठी फक्त कुणीतरी तोंड उघडून विचारायचं होतं. एफडीतले पन्नास हजार भरायला गेले, तेव्हा साहेबाने सहज विचारलं, "हप्ता कमी करून देऊ?" मी म्हणाले, "हप्ता कमी नको, मुदत कमी करा. आणि हप्ता तेरा हजार करा." त्याने पहिल्यांदा माझ्याकडे मान वर करून बघितलं. मी ते अर्जावर मोठ्या अक्षरात लिहिलं, त्याची झेरॉक्स काढली, त्यावर शिक्का मारून घेतला.

खरी कसोटी मात्र त्याआधीच घरी झाली होती. तेरा हजार म्हणजे महिन्याला बावीसशे जास्त, आणि शिवाय मी ठरवलं होतं की दिवाळीचा बोनस घरात येऊच द्यायचा नाही, त्यात भर घालून वर्षाला चाळीस हजार थेट मुद्दलात भरायचे. यांना मोटारसायकल घ्यायची होती. दोन वर्षं दुकानाबाहेर थांबून बघत होते. मी सरांनी लिहिलेला तो कागद काढला आणि तीच वजाबाकी यांच्याकडून करून घेतली. मुलगी बाजूला बसली होती, दहा वर्षांची. तिने यांच्या आधी उत्तर सांगितलं.

यांनी कागद घडी करून माझ्या हातात दिला. मग म्हणाले, "शेअर रिक्षा काय वाईट आहे?"

आजतागायत या घरात मोटारसायकल आलेली नाही.

ती आठ वर्षं सोपी होती असं मी म्हणणार नाही. बाथरूम स्वतः पैसे साठवून एका वर्षाने दुरुस्त केलं, तोवर खालच्या वहिनींची बोलणी ऐकली. मुलीच्या वर्गातली मुलं सहलीला गोव्याला गेली, ती गेली नाही. तिने तोंडाने काही म्हटलं नाही, पण त्या चार दिवसांत ती माझ्याशी नीट बोललीही नाही. ते मी विसरलेले नाही. तिसऱ्या वर्षी कारखाना अडीच महिने बंद राहिला. त्या दिवाळीला जास्तीचे पैसे भरता आले नाहीत, पण हप्ता एकही चुकला नाही, कारण सरांनी हातात ठेवायला लावलेले पैसे हातात होते. पुढच्या दोन वर्षांत आम्ही ती तूट भरून काढली. दर एप्रिलला मी बँकेतून स्टेटमेंट आणायची आणि यांना वाचून दाखवायची. आधी हजार रुपये मुद्दलात जायचे, मग पाच हजार, मग आठ. एका वर्षी व्याजापेक्षा मुद्दल जास्त झालं, तेव्हा हे स्वतः खाली जाऊन आइस्क्रीम घेऊन आले.

लॅबमध्ये रक्त काढणारी माझी मैत्रीण नया नगरला राहते. तिचंही घर कर्जाचं. तिने एकदा विचारलं, "तू हर साल बँक में करती क्या है?" मी तिला वजाबाकी शिकवली आणि तिच्याबरोबर तिच्या बँकेत गेले. तिचीही मुदत न सांगता पाच वर्षांनी वाढलेली निघाली. तिच्यानंतर आमच्या बिल्डिंगमधल्या बायका यायला लागल्या. कागद घेऊन यायच्या आणि रिपोर्ट दाखवल्यासारख्या विचारायच्या, "बघ गं, नॉर्मल आहे का?" मी कुणालाही भर किंवा भरू नको असं सांगत नाही. ज्याचं त्याचं पोट आणि ज्याचा त्याचा पगार. पण एकूण किती जाणार आहेत तो आकडा प्रत्येकीला कागदावर लिहून देते. तो आकडा बघून काही जणी पाणी मागतात.

शेवटचा हप्ता गेल्या वर्षी भरला. घेतल्यापासून चौदा वर्षांत, म्हणजे मूळ मुदतीच्याही सहा वर्षं आधी. सगळं मिळून तेवीस लाख गेले. बारा लाखांचे तेवीस. हा आकडा मी लपवत नाही. तो लहान नाही, आणि आधीपासून कळलं असतं तर आणखी लहान झाला असता. पण छत्तीस झाले असते ते तेवीसवर थांबवले. मधले तेरा लाख आमचे राहिले. मुलीच्या इंजिनिअरिंगची फी आता हप्त्याच्या जागी जाते.

घराची मूळ कागदपत्रं बँकेच्या कुठल्यातरी गोदामातून यायला तीन आठवडे लागले. साहेब आता वेगळा होता, तरुण. त्याने फाइल पुढे सरकवली, "इथे सही करा." मी म्हणाले, "आधी बघते." यादी घेऊन एकेक कागद मोजला, पान न्‌ पान उलटलं. तासभर लागला. हे शेजारी बसून मी वाचून संपवलेली पानं जुळवून ठेवत होते. तरुण साहेब म्हणाला, "मॅडम, एवढं कोणी बघत नाही."

"मी पण बघत नव्हते," मी म्हणाले, आणि मग सही केली.

त्या रविवारी आम्ही तिघं डोंगरीला सरांच्या घरी गेलो. त्यांना आता नीट दिसत नाही. बँकेचं कर्ज संपल्याचं पत्र मी त्यांना वाचून दाखवलं. त्यांनी पुन्हा वाचायला लावलं. पेढे त्यांना चालणार नव्हते हे मलाच सगळ्यांत चांगलं माहीत होतं, म्हणून चुलीवर भाजलेल्या शेंगा खाल्ल्या. मुलीने त्यांना सांगितलं की ती वजाबाकी तिने आधी केली होती. सर म्हणाले, "मंग ही पोर बँकेत साहेब होनार."

दुसऱ्या दिवशी सकाळी लॅबमध्ये गर्दी होती. हे कधी लॅबमध्ये येत नाहीत, त्या दिवशी कामावर जाता जाता पेढ्यांचा बॉक्स घेऊन आले. डॉक्टर केबिनमधून बाहेर आले होते. त्यांनी विचारलं, "काय आहे आज?" काउंटरसमोर पंधरावीस माणसं बसलेली. यांना चारचौघांत बोलायची सवय नाही. पॉलिशने काळी पडलेली बोटं बॉक्सवर तशीच ठेवून ते म्हणाले, "घराचं कर्ज संपलं, डॉक्टर. घर मी घेतलं होतं. सोडवलं हिने."

आणि बॉक्स ठेवून निघूनही गेले, कामाला उशीर होत होता. डॉक्टर माझ्याकडे बघून हसले. मी खाली मान घालून पुढचा नंबर पुकारला, पण आवाज रोजच्यापेक्षा जरा मोठाच निघाला.