जज्जबाई बाजूला झाल्या

लव्हॉन हॉगेन राज्याच्या सर्वोच्च न्यायालयावर गेल्या, तेव्हा नॉर्डालच्या चर्चमधल्या बायकांनी तळघरात जेवण ठेवलं. बटाट्याच्या पातळ पोळ्या, लोणी, साखर, तीन तऱ्हेचे केक. जज्जबाई आल्या, प्रत्येकीचा हात हातात घेतला आणि तोंडात कण न घालता निघून गेल्या.

"पोटात न्यायदेवता बसली असेल, जागाच नाही उरली," असं कुणीतरी म्हणालं आणि तळघर हसलं.

मी त्याच गावची, आणि त्यांची सचिव. मला ठाऊक होतं की तो तोरा नव्हता. जिल्हा न्यायाधीश असताना पोरांच्या ताब्याचा एक खटला त्यांच्यापुढे चालला. बाप हरला. कोर्टाच्या पायऱ्यांवर तो ओरडला, "रविवारी चर्चमध्ये तिच्या वकिलाच्या बायकोच्या हातचा केक खाल्लास की! मी बघत होतो. एका केकावर माझी पोरं गेली." निकाल चोख होता, वरच्या कोर्टातही टिकला. पण बाईंच्या काळजात तो केक अडकला तो अडकलाच. त्या दिवसापासून त्या डबा मोटारीत बसून खायच्या, काचा वर करून. चर्चमध्ये शेवटच्या बाकावर बसायच्या आणि शेवटच्या प्रार्थनेआधीच उठायच्या. लग्न केलं नव्हतं. नाताळात त्यांना पत्रं यायची ती सगळी छापील.

सगळ्यात महाग पडलं ते आर्लिस ब्रेक्केला तोडणं. दोघी एका बाकावर शिकलेल्या. गुरुवारी पत्ते कुटायच्या आणि जोडीनं लबाडीही करायच्या. आर्लिसची शेती होती, आणि शेती म्हटली की आज ना उद्या कज्जा यायचाच. म्हणून बाईंनी पत्ते सोडले. आर्लिसचा नवरा गेला, तेव्हा मयताला मागे उभ्या राहिल्या आणि कॉफीला थांबल्या नाहीत.

नऊ वर्षांनी कज्जा आलाच. आर्लिसच्या वरच्या अंगाच्या शेतकऱ्यानं जमिनीखालून नळ्या घालून आपल्या रानातलं पाणी तिच्या रानात सोडलं. ऐंशी एकराचं डबकं झालं, बदकं पोहायला लागली. खालच्या कोर्टात ती हरली.

आमच्याकडे रीत अशी की सुनावणीआधी खटल्यांची यादी पाचही न्यायमूर्तींकडे फिरते. पक्षकार ओळखीचा असेल तर नावासमोर 'बाजूला' लिहायचं. मग त्या खुर्चीवर जिल्ह्यातला एखादा न्यायाधीश येऊन बसतो. ती यादी बाईंच्या मेजावर तीन दिवस पडून राहिली. पाण्याच्या अशाच एका खटल्यात त्यांनी पूर्वी बहुमताविरुद्ध वेगळा निकाल लिहिला होता: खालच्याचं रान बुडवून वरच्यानं आपलं कोरडं करू नये. तेव्हा त्या मताचा त्यांच्याबरोबर एकच न्यायमूर्ती होता. आता दोघे होते. बाई बसल्या तर पाचात तीन. आर्लिसचं रान सुटलं असतं.

मुख्य न्यायमूर्ती क्लेमेन्स वाल्ट्झ दारात येऊन उभे राहिले. "लव्हॉन, एका यादीला तीन दिवस? शेवटचं कधी बोललात तिच्याशी?"

"नऊ वर्षं झाली."

"पत्र? फोन?"

"नाही."

"अहो, मग कसली मैत्रीण? माझा दाढी करणारा न्हावी मला तुमच्या मैत्रिणीपेक्षा जवळचा आहे. बसा खुशाल. कुणी हरकत घेणार नाही."

खरंच कुणी घेतली नसती. त्यासाठीच तर नऊ वर्षं खर्ची घातली होती. बाईंनी यादी पुढे ओढली. मग माझ्याकडून पेन मागून घेतलं आणि 'बाजूला' लिहिलं. कारण लिहायची सक्ती नसते. तरी त्यांनी खाली लिहिलं: 'मैत्रीण'. पेन परत देताना त्यांचा चेहरा असा, जणू कुणी त्यांना जेवायला बोलावलं होतं.

बदली न्यायाधीश दुसऱ्या बाजूला गेला. तीन विरुद्ध दोन. आर्लिस हरली. निकालाखाली एक ओळ छापली गेली, 'न्यायमूर्ती हॉगेन सहभागी नाहीत.'

फेरविचाराची मुदत संपली त्याच्या दुसऱ्या सकाळी बाई म्हणाल्या, "गाडी काढ. नॉर्डालला जाऊ."

आर्लिस घरामागे रुबार्बच्या भाजीचे आंबट लाल देठ उपटत होती. मान वर न करता म्हणाली, "आलात होय, जज्जसाहेब?"

"लव्हॉन म्हण गं."

"बरं, लव्हॉन. तू का नव्हतीस तिथं? सगळे म्हणत होते, ती असती तर जमत होतं."

"तू माझी मैत्रीण हाईस म्हणून. तसं लिहूनच दिलं मी." कोर्टात गेल्यापासून त्यांच्या तोंडून 'हाईस' मी पहिल्यांदा ऐकलं.

आर्लिस ताठ उभी राहिली. "मला इचारलंस? मी न्हाई म्हटलं असतं! माझा माणूस मेला तवा न्हवतीस मैत्रीण. गुडघा कापला तवा न्हवतीस. आन् ऐंशी एकर पाण्याखाली गेलं, तवा बरी झालीस! थोडी आधी झाली असतीस, न्हायतर चार म्हैने उशिरा, निकाल लागल्यावर!"

कुठल्याच न्यायालयात याच्यावर अपील नव्हतं.

आर्लिसनं हात पदराला पुसावेत तसे एप्रनला पुसले. "कॉफी घेणार?"

आमच्याकडे कॉफी तीनदा विचारतात. पहिल्यांदा नको म्हणायचं, दुसऱ्यांदाही नको म्हणायचं, तिसऱ्यांदा 'बरं, अर्धा कप' म्हणून बसायचं. पहिल्याच हाकेला हो म्हणणारा माणूस हावरट. हे कुणी शिकवत नाही, अंगातच असतं.

"नको गं, उगाच तुला त्रास," जज्जबाई म्हणाल्या आणि वाट बघत उभ्या राहिल्या.

आर्लिसनं मान हलवली. "बरं," म्हणाली आणि पुन्हा देठांकडे वाकली.

बाई तशाच उभ्या होत्या. मी मोटारीचं दार उघडलं.