कढत पाण्यातलं बियाणं

आमच्या राबातलं भात पाखरांनी खाल्लं नव्हतं. एवढं एक वाक्य सांगायला मी बावन्न वर्षं टाळाटाळ केली.

धाकटी बहीण सुमन न्यायाधीश म्हणून निवृत्त झाली आणि टीव्हीवाले मुलाखतीला थेट आमच्या धसईच्या घरी आले. मला इस्त्रीचा सदरा घालून तिच्या शेजारी बसवलं. (दिसायला मोठा भाऊ, आतून फरार आरोपी!)

"न्यायाची ओढ कशी लागली?" मुलाखत घेणाऱ्या बाईंनी विचारलं.

"मी आठ वर्षांची होते," सुमन म्हणाली. "भाताच्या रोपांसाठी वाफ्यात राब पेरला होता आणि पाखरं हाकायचं काम माझ्याकडे होतं. एकही रोप उगवलं नाही. पाखरं आलीच नाहीत, असं मी ओरडत होते, तरी बाबांनी बडवलं. तेव्हाच ठरवलं, समोरच्याचं ऐकल्याशिवाय शिक्षा द्यायची नाही."

माझ्या कपाळावर घाम! कारण त्याआधीच्या हिवाळ्यात सगळे म्हसा गावच्या जत्रेला गेले असताना मला पोह्यांची हाव सुटली होती. हाताला लागली ती कणगी उपसली, पोहे कांडण्याआधी भिजवायचं म्हणून सगळं भात कढत पाण्यात ओतलं. मग आठवलं, हे तर बियाणं! घाबरून उन्हात वाळवलं आणि गुपचूप परत भरलं. त्यानंतर पाखरंच काय, ब्रह्मदेव राखणीला बसला असता तरी ते उगवलं नसतं.

बाई माझ्याकडे वळल्या. "दादा, तुम्हीच सांगा, पाखरं आली होती का?"

आता कबूल करायचंच! मी घसा खाकरला. "पाखरं ना... लय होती!"

"कोणती?"

"चिमण्या, पोपट... आन् दोन मोर!"

दुसऱ्या दिवसापासून मुरबाडच्या एसटीत लोक मला मोरांची खुशाली विचारू लागले.

मुलाखतीच्या दिवशीच, टीव्हीवाले गेल्यावर सुमनने पोह्यांची ताटली माझ्यापुढे ठेवली.

"दादा, मार खाऊन झाल्यावर मी राब उकरला होता. दाणे तिथंच होते. फुगलेले, मऊ."

"मग तवा बोलली का नाय गो?"

"आठ दिवस तू तुझ्यातली अर्धी भाकर मला देत होतास. म्हटलं, आरोपी आपणहून शिक्षा भोगतोय, भोगू दे!"

माझे डोळे भरून आले. बावन्न वर्षांची माफी अगदी ओठांपर्यंत आली. पण मी तेवढ्यात पोह्यांचा मोठा घास घेतला होता, आणि भरल्या तोंडाने माफी मागणं काही बरं दिसत नाही!