डोंगराला पुस्तकी प्रदक्षिणा

सांगलीत मास्तरकी करत होतो त्या दिवसांत मी आशिया खंडातल्या झाडून सगळ्या पवित्र पर्वतांचा जाणकार होतो. त्यांतला एकही पर्वत मी पाहिलेला नव्हता. पाहण्याची तशी गरजही वाटत नव्हती, कारण आमच्या वाचनालयाच्या मागच्या खोलीत एक कपाट होतं आणि त्या कपाटात ते सगळे पर्वत होते. कुणा निवृत्त अंमलदारानं गाव सोडताना आपली पुस्तकं देऊन टाकली होती. जाडजूड, इंग्रजी, सोनेरी अक्षरांची. वाळवीनं ती कडेकडेनं वाचायला घेतली होती. वाळवीनंतर त्यांना हात लावणारा मी पहिलाच.

तिबेटात लोक एका डोंगराभोवती लोटांगणं घालत फिरतात, जपानात पांढऱ्या कपड्यांतले बैरागी घंटा वाजवत शिखरं चढतात, जावा बेटात धुमसत्या डोंगराच्या तोंडात कोंबड्या टाकतात, हे सगळं मला तोंडपाठ झालं. लढाई चालू होती, रॉकेल मिळत नव्हतं, तांदळासाठी रांगा होत्या आणि मी शब्दकोश मांडीवर घेऊन लामांच्या मंत्रांचे प्रकार उतरवून घेत होतो. एका पुस्तकात लिहिलं होतं की लामा नुसत्या श्वासाच्या जोरावर बर्फात उघडे बसतात आणि अंगावरचं ओलं वस्त्र वाळवून दाखवतात. पौषातल्या एका पहाटे मी कृष्णेच्या घाटावर ओला पंचा पांघरून तासभर बसलो. पंचा वाळला नाही. मला मात्र असा खोकला धरला, की आठवडाभर वर्गात मुलंच मला शिकवत होती.

तरीही माझी विद्वत्ता खाली बसेना. त्याच वाचनालयात मी ओळीनं तीन दिवस व्याख्यानं दिली. पहिल्या दिवशी चाळीसेक माणसं होती, तिसऱ्या दिवशी अकरा, आणि त्यांतली दोघं वर्तमानपत्र मोकळं होण्याची वाट पाहत बसली होती. सर्पपूजेवर मी ब्रह्मदेशापासून कंबोजापर्यंत बोललो. शेवटी एक म्हातारे गृहस्थ उठले आणि अगदी नम्रपणे विचारते झाले, "शिराळ्याची नागपंचमी तर आपण पाहिली असेलच?" शिराळा सांगलीपासून एका दिवसात जाऊन येण्यासारखं. मी म्हणालो, "अजून योग आला नाही." ते म्हणाले, "असं होय," आणि टोपी घालून निघून गेले.

दूरचा विधी असला की तो मला गूढ वाटे आणि घरातला असला की खुळचट. हे तेव्हा कुणी मला सांगितलं असतं, तर मी त्याला आणखी तीन व्याख्यानं दिली असती.

आणि घरात एक विधी माझी वाट पाहत होता. आमचं गाव साताऱ्याच्या पूर्वेला, एका डोंगराच्या पायथ्याशी. डोंगराचं नाव लिहीत नाही, तिथली माणसं अजून मला ओळखतात. डोंगरावर मारुती आहे. द्रोणागिरी घेऊन जाताना मारुतीच्या हातून एक ढेकूळ खाली पडलं, तोच हा डोंगर, असं आमच्याकडे सांगतात. म्हणजे हिमालयाचा तुकडा आमच्या परसाकडच्या वाटेवर पडलेला होता आणि मी हिमालय सांगलीच्या कपाटात हुडकत होतो.

मी दीड वर्षाचा असताना तापानं फणफणलो होतो. वैद्यानं हात टेकले. तेव्हा आई त्या डोंगराकडे तोंड करून बोलली होती, की पोर वाचलं तर त्याला हाताला धरून वर आणीन आणि तुझ्या पायरीला नाक घासायला लावीन. मी वाचलो. पण पुढे वडील गेले, मी मामाकडे आष्ट्याला शाळेला गेलो, तिथून पुढच्या शिक्षणाला गेलो, आणि नवस दर वर्षी पुढच्या वर्षावर गेला. पहिली काही वर्षं परिस्थितीनं गेली. नंतरची दहा वर्षं माझ्यामुळे गेली. कोट घातलेला, मिशा फुटलेला माणूस आईच्या हाताला धरून डोंगर चढतोय आणि शेतातली माणसं काम थांबवून बघतायत, हे चित्र मला नको होतं.

आईचे गुडघे त्या वर्षी फार दुखायला लागले. दिवाळीच्या सुट्टीत घरी आलो, तर ती चुलीपासून उठताना भिंत धरत होती. मला म्हणाली, "औंदा न्हाई जमलं तर मग कायबी खरं न्हाई बघ. माझं ऱ्हाऊ दे, म्या आज हाय उद्या न्हाई. पर बोललेलं फेडलं न्हाई तर ते तुला बाधंल रं."

तिला खरोखर भीती वाटत होती. मला काहीतरी होईल आणि ते तिच्या हातून राहिलेल्या नवसामुळे होईल, या धास्तीत तिनं माझी सगळी शिक्षणाची वर्षं काढली होती. आणि मी तिला काय सांगावं? मी सांगितलं की मोठमोठ्या पवित्र पर्वतांवर कुणी चढतच नाही. पर्वत हाच देव. देवाच्या डोक्यावर पाय द्यायचा नसतो. खालून प्रदक्षिणा घालायची, तीच खरी शास्त्रोक्त पूजा.

"मग वरचा मारुती?" आईनं विचारलं.

"तो नंतर बसवलेला आहे," मी म्हणालो.

आईनं चुलीतलं लाकूड पुढे सारलं. मग म्हणाली, "तू शिकलेला हायेस. तुला म्हाईत." इतक्या सहज तिनं मान तुकवली की मला स्वतःचं कौतुक वाटलं. हाताला धरून चढणं टळलं, पायऱ्या टळल्या, आणि शिवाय एक प्रत्यक्ष पाहणीसुद्धा होणार होती. वाईचे माझे एक सहकारी होते, संस्कृतचे शिक्षक. ते सुट्टीत घरीच होते. त्यांना मी पत्र टाकून बोलावून घेतलं. कोळशाच्या गॅसवर चालणाऱ्या सर्व्हिस मोटारीतून ते छत्री, वही आणि काळवंडलेलं तोंड घेऊन उतरले.

शनिवारी सकाळी आम्ही तिघं निघालो. आईजवळ रुईच्या पानांची माळ, तेलाची बाटली आणि नारळ. तिनं आदल्या दिवसापासून तोंडात अन्नाचा कण घातला नव्हता. मी सहकाऱ्यांना डाव्या-उजव्या प्रदक्षिणेतला फरक समजावून सांगत पुढे चाललो होतो.

आता माझी चूक सांगतो. तो डोंगर मी जन्मापासून एकाच बाजूनं पाहिला होता, आमच्या दारातून. दारातून तो दोन-चार शेतं रुंद दिसतो. तेवढाच तो मागेही असणार, असं मी धरून चाललो होतो. पुस्तकातल्या पर्वतांचे घेर मला मैलांत पाठ होते. स्वतःच्या डोंगराची पाठ मी कधी बघितलीच नव्हती. वळसा घालून मागे गेलो तर डोंगराची एक लांबच लांब सोंड पुढे गेलेली. ती संपली असं वाटलं की पुढे दुसरी. मध्ये ओढे, बाभळी, निवडुंग आणि गुडघाभर कुसळी गवत. अकरा वाजेपर्यंत माझ्या धोतराला एवढी कुसळं चिकटली होती, की धोतर सोडून ठेवलं असतं तर ते उभं राहिलं असतं. सहकाऱ्यांच्या वहाणेचा अंगठा तुटला. त्यांनी वही उघडणं बंद केलं.

आई मागून येत होती. काठी टेकत, थांबत, पुन्हा चालत होती.

डोंगराच्या पाठीमागे कवठे महांकाळाकडचा एक मेंढक्या मेंढरं घेऊन उतरला होता. त्यानं आम्हाला पाणी दिलं आणि विचारलं, "वाट चुकलासा व्हय?"

मी म्हणालो, "नाही. डोंगराला प्रदक्षिणा घालतोय."

"डोंगराला?" त्यानं एकदा डोंगराकडे पाहिलं, एकदा माझ्या कोटाकडे. "आवं, आमी मेंढरामागं हिंडतोय. तुमी कशामागं?" मग आईकडे वळून तो म्हणाला, "म्हातारे, वर जायाची वाट पुढल्या अंगाला हाय. मारुती वर हाय."

"म्हाईत हाय बाबा," आई म्हणाली. "पर माझ्या लेकाचं कायतरी हाय ह्ये. त्याचं झालं की जाती म्या."

त्या वाक्याचा अर्थ मला तीन वाजता कळला. आम्ही निघालो त्या ठिकाणी परत येऊन पोचलो. मी घाम पुसत म्हणालो, "झाली एकदाची." आईनं पदर खोचला आणि म्हणाली, "झालं न्हवं तुझं? चल आता वर."

तिनं माझं शास्त्र मानलं वगैरे काही नव्हतं. लेकाला हौस आहे, लेकाचा मित्र लांबून आलाय, त्यांचं आधी होऊ द्यावं, एवढाच तिचा हिशेब. नवस जागच्या जागी होता.

तिनं माझा हात धरला आणि आम्ही चढायला लागलो. सहकारी पुढे होते. ते मागे वळून बघायचे तेव्हा मी हात सैल सोडायचो. ती पुन्हा घट्ट धरायची. असं आम्ही डोंगराचा तिसरा हिस्सा चढलो असू. तिथे एक सपाट धोंडा आहे. आई त्यावर बसली ती उठलीच नाही. दोनदा प्रयत्न केला, गुडघे ऐकेनात. सकाळी थेट याच वाटेनं निघालो असतो तर ती वर पोचली असती. सावकाश, बसत उठत, पण पोचली असती. तिची उरलीसुरली ताकद मी डोंगराच्या पाठीमागच्या कुसळांत घालवली होती. तिच्या डोळ्यांत पाणी आलं. मी तिला लहानपणापासून किती वेळा रडताना पाहिलं ते मोजता येईल, वडील गेले तेव्हासुद्धा ती माझ्यासमोर रडली नव्हती. मला तिच्याकडे बघवेना.

"आपण उद्या येऊ," मी म्हणालो.

"उद्या न्हाई व्हायचं माझ्यानं." तिनं पदरानं डोळे पुसले, जरा विचार केला आणि माळ, तेल, नारळ माझ्या हातात दिलं. "तू जा. पायरीला नाक घास. अन् तिथनं मला हाक मार, लहानपणी मारायचास तशी, आयेऽ म्हनून. मी हितनं ओ देती. हात न्हाई तर न्हाई, आवाज तरी लागला पायजे. म्हंजी त्येला कळंल, म्याच आनलंय तुला."

हा विधी कुठल्याच पुस्तकात नव्हता. तिनं तो तिथेच, त्या धोंड्यावर बसून रचला.

मी वर गेलो. मारुतीला तेल वाहिलं, माळ घातली, नारळ फोडला. सहकारी बाजूला उभे राहून बघत होते. त्यांच्यादेखत मी पायरीला नाक घासलं. लाज वाटली, पण ते उरकलं. मग मी कड्याच्या टोकाशी गेलो. खाली झाडीत तो धोंडा दिसत नव्हता, आईही दिसत नव्हती. ओरडायला तोंड उघडलं आणि लक्षात आलं की सहकाऱ्यांनी वही पुन्हा उघडली आहे.

सांगलीत मी आईला आई म्हणत असे. आये म्हणतो हे तिथे कुणाला माहीत नव्हतं. तीन दिवस मंत्रशक्तीपासून सर्पपूजेपर्यंत बोललेला माणूस आता डोंगराच्या टोकावर उभा राहून गावठी पोरासारखा आये म्हणून बोंबलणार, आणि ते शाळा उघडल्यावर शिक्षकांच्या खोलीत सांगितलं जाणार. मी वहीकडे पाठ फिरवली. मी हाक मारली.

सहकारी तीन हातांवर होते. त्यांनी मान वर करून विचारलं, "काही म्हणालात का?"

"नाही, काही नाही," मी म्हणालो.

खालून काही ऐकू आलं नाही. मी क्षणभर थांबलो आणि उतरायला लागलो.

आई धोंड्यावर तशीच बसली होती, तोंड वरच्या बाजूला करून. मी प्रसादाचा खोबऱ्याचा तुकडा तिच्या हातावर ठेवला. तिनं तो आधी कपाळाला लावला. मी विचारलं, "ऐकू आली का गं हाक?"

"आली की," आई म्हणाली. "लय लांबनं, पर आली. म्या ओ दिली. तुला आली न्हाई व्हय?"

"आली," मी म्हणालो.

"मग सुटले बाबा मी," असं म्हणून तिनं खोबरं तोंडात घातलं. कालपासूनचा तो तिचा पहिला घास. ती सावकाश चावत होती, चेहरा निवलेला होता. मी तिच्याशेजारी बसून धोतरातली कुसळं काढत राहिलो. ऊन अजून चांगलं होतं. परत वर जाऊन मोठ्यानं ओरडून यायला मला फार तर अर्धा तास लागला असता.