उजवीकडून दुसरी

हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. ह्यांना सांगावंच लागलं नाही — ते त्याच खोलीत होते, त्यांनी ऐकलं. आता तेही राहिले नाहीत. म्हणजे हे माहीत असलेली मी एकटीच. आणि आता तुम्ही.

ती गाण्यांची स्पर्धा तुम्ही पाहिली असेल. युरोपातला एकेक देश एकेक गाणं पाठवतो, मे महिन्यातल्या एका शनिवारी सगळी टीव्हीवर होतात, मग देश एकमेकांना गुण देतात. इथे ब्रिटनमध्ये लोक तिची टिंगल करतात आणि तरी शेवटपर्यंत बघतात. दोन हजार सालानंतरची गोष्ट. त्या वर्षी ब्रिटनच्या गायिकेमागे साथीला चार मुली होत्या. त्यांतली उजवीकडून दुसरी — माझी अनघा.

लंडनमधल्या पिनरच्या आमच्या मराठी मंडळात हे कुणालाच माहीत नव्हतं. अनघा नॉटिंगहॅमला मेडिसिन करते, एवढंच सगळ्यांना ठाऊक. तिनं ते दुसऱ्या वर्षातच सोडलं होतं, गाण्यासाठी. मी लपवलं. हे भूलतज्ज्ञ, मंडळात निम्मे डॉक्टर, कुणाचं पोर कुठल्या युनिव्हर्सिटीत आहे हे प्रत्येकाला पाठ — कुठल्या तोंडानं सांगणार होते? मग तिची निवड झाली. फोनवर नुसती किंचाळली. "आई, सगळ्यांना बोलाव! सगळ्यांना सांग!"

बोलावलं. सांगितलं मात्र नाही. मी ठरवलं होतं — गुण यायला लागले की सांगायचं. ब्रिटन पहिल्या दहांत आलं की मेडिसिन सोडल्याचंही कुणाला काही वाटणार नाही. कळतंय ना तुम्हाला? पोटच्या मुलीची बाजू घ्यायला मी निकालाची वाट बघत होते.

पावभाजी केली होती. चौदा माणसं. आमचं गाणं आलं आणि गेलं — वाईट नव्हतं, सूर सगळे लागले होते, पण पडलं. मग गुण सुरू झाले. पहिल्या देशाकडून काही नाही. दुसऱ्याकडून नाही. पाचव्या-सहाव्या देशापर्यंत आमच्या हॉलमध्ये हशा पिकायला लागला होता. कुणीतरी म्हणालं, ह्या गाणाऱ्यांना घरी कसं येऊ देणार आता? तेवढ्यात कॅमेरा आमच्या कलाकारांच्या सोफ्याकडे वळला. अनघाचा चेहरा, पडदाभर. हसायचा प्रयत्न करत होती.

"अगं सुनंदा," मंडळातल्या वैद्यवहिनी म्हणाल्या, "ही तुझी अनघा की काय?"

"छे हो," मी म्हणाले. "ती नॉटिंगहॅमला. परीक्षा आहे तिची."

इथं थांबले असते तर — तर काय? पण थांबलेही नाही. "आणि असले कपडे घालून नाचायला मी बरी पाठवीन तिला!" म्हणाले. सगळे हसले. सगळ्यांत मोठ्यानं मी. ह्यांनी माझ्याकडे एकदाच पाहिलं, रिकाम्या प्लेट्स गोळा केल्या आणि किचनमध्ये गेले. पाहुणे निघेपर्यंत बाहेर आले नाहीत. आम्ही त्यावर कधी बोललोही नाही.

दुसऱ्या दिवशी तिचा फोन. "सगळ्यांनी बघितलं?" मी म्हटलं, हो, सगळ्यांनी बघितलं. ते खरंच होतं, नाही का?

सप्टेंबरमध्ये मंडळाच्या गणपतीला ती येणार म्हणाली. मी घाबरले. आधीच चार जणींना फोन करून ठेवले — अनघाची परीक्षा वाईट गेलीय, कृपा करून तिच्यापाशी विषय काढू नका. माणसं चांगली हो ती. कुणी काढला नाही. प्रसाद दिला, साडीचं कौतुक केलं, एवढंच. वैद्यवहिनींना तेवढं राहवलं नाही. त्यांनी तिच्या गालावरून हात फिरवला. "होतं गं असं कधी कधी. मनाला लावून घेऊ नकोस."

मी शेजारीच उभी होते.

परत येताना कारमध्ये ती म्हणाली, "आई, कोणीच काय बोलले नाही. एवढी वाईट होती माझा आवाज?" तिचं मराठी असंच. मी एरवी सुधारते. तेव्हा — एक वाक्य पुरलं असतं. त्यांना माहीतच नाही गं, मी सांगितलं नाही. एवढंच. मी म्हटलं, "लोकांना काय बोलावं ते कळत नसेल."

त्यानंतर ती गायली नाही. ठरवून वगैरे नाही — हळूहळू सुटलं. मेडिसिनला परत गेली नाही. ईलिंगला एका ऑफिसात लागली, लग्न झालं, मुलगी झाली. मंडळात तिनं पुन्हा पाऊल टाकलं नाही. तिनं मेडिसिन सोडल्याचं मी वर्षभरानं सांगितलं, तब्येतीचं निमित्त करून. सगळ्यांनी हळहळ व्यक्त केली. ती मी घेतली.

गेल्या हिवाळ्यात वैद्यवहिनी गेल्या. मी अनघाला फ्युनरलबद्दल कळवलं. म्हणाली, "त्या एकट्याच माझ्याशी चांगलं बोलली होती, त्या वेळी. पण मी नाही येत, आई. मला त्या लोकांसमोर अजून लाज वाटते."

मी आग्रह केला नाही. ती आली असती तर कुणीतरी काहीतरी बोललं असतं.