थेरेसाबायच्या लग्नाची तारीख

ठाण्यात कुणाला एखाद्या तारखेला पूर्वी काय घडलं होतं ते हवं असलं, की तो आमच्या सिल्वेस्टर काकांकडे यायचा. काका म्हणजे माझ्या बापाचे थोरले भाऊ. मासुंदा तळ्याकाठच्या चर्चची घंटा ओढायचं काम त्यांच्याकडे. जन्मभर मयताची घंटा ओढली, त्यामुळे कोण कुठल्या तारखेला गेलं ते त्यांच्या डोक्यात पक्कं बसलेलं. पुढे पुढे त्यांना नादच लागला. पाद्रीला विचार, कचेरीतल्या कारकुनाला विचार, रेल्वेतल्या माणसाला चहा पाज आणि विचार. लोक कौतुक करायचे, काका फुगायचे.

अठ्ठावीस डिसेंबर ही त्यांची लाडकी तारीख. लाडकीच म्हणते मी, कारण ती सांगताना ते खुर्ची पुढे ओढून बसायचे. हेरोदाने तान्ही बाळं मारली, त्यांची आठवण चर्चमध्ये त्या दिवशी. इंग्रजांनी ठाण्याचा किल्ला मराठ्यांकडून घेतला आणि आतली माणसं कापली, तोही त्याच दिवशी. विलायतेत वादळात पूल कोसळून अख्खी आगगाडी नदीत गेली, त्याच दिवशी. अठराशे पंच्याऐंशी साली मुंबईत देशभरच्या मोठमोठ्या लोकांची सभा भरायला नेमकी हीच तारीख निघाली, तेव्हा काका म्हणाले, या सभेचं काही खरं नाही. आणि आमची काकी गेली तीही अठ्ठावीस डिसेंबरलाच. काकांचं म्हणणं असं की दिवसाला एकदा माणसाची चटक लागली की तो दरवर्षी भूक घेऊनच येतो.

काकी गेली तेव्हा त्यांची एकुलती एक मुलगी, आमची थेरेसाबाय, परकर नेसायची. त्या दिवसापासून चूल तिची, विहीर तिची, काकांचे दुखरे गुडघे तिचे. किल्ल्याचा इंग्रजांनी तुरुंग केलेला, त्याची भिंत त्यांच्या परसातून दिसायची. थेरेसाबाय भांडी घासताना त्या भिंतीकडे बघायची आणि म्हणायची, आतल्यांना निदान सुटायची तारीख तरी ठाऊक असते. मी लहान होते, मला ते विनोदाचं वाटायचं.

मग कल्याणहून इनासचं स्थळ आलं. इनास रेल्वेत फिटर, शांत माणूस, हसला की खाली बघायचा. थेरेसाबायला तो आवडला. आवडला म्हणजे काय, ती आठवडाभर भाकऱ्या करपवत होती. काकांनाही मुलगा पसंत. इनासची आई येऊन साखर देऊन गेली, सगळं गोडीगुलाबीत झालं. राहिली फक्त तारीख.

आणि तिथेच घोडं अडलं. पाद्रीने चौदा जानेवारी सुचवली. काका म्हणाले, पानिपत. पाद्री म्हणाला, अहो, पानिपत त्या मराठ्यांचं, तुमचं काय गेलं तिथे? तर म्हणे, माणसं ती माणसं. मग उपवासाचा काळ लागला, त्यात लग्नं होत नाहीत. ईस्टर झाल्यावर एक मे निघाली. त्या तारखेला पहिली गाडी ठाण्याहून कल्याणला गेली आणि माझ्या आजाची खाडीतली उतारूंची होडी कायमची किनाऱ्याला लागली, म्हणून ती नको. दहा मेला सत्तावनच्या बंडातले शिपाई मीरतेत उठले. सोळा मेला फिरंग्यांची वसई मराठ्यांच्या हाती पडली, आणि वसई पडली म्हटल्यावर आमच्या ख्रिस्ती माणसांतलं कुणी पुढे बोलेल का? तेवढ्यात पाऊस आला. पावसात कोण मांडव घालतं? वर्ष गेलं.

मला काकांचा आजही संताप येतो, पण एक सांगते. ते खोटं बोलत नव्हते. खोटं बोलत असते तर थेरेसाबायने त्यांना धरलं असतं. ते सांगत ते सगळं खरंच घडलेलं होतं, आणि खऱ्याशी भांडायचं कसं? ती जरा रागावली की ते डोळ्यांत पाणी आणून म्हणायचे, बाय, तुझी आई गेली, आता तुझं काही वाईट झालेलं मला बघवणार नाही. तेही खरंच. पण थेरेसाबाय सासरी गेल्यावर आपल्याला भाकरी कोण घालणार, हे त्यांनी कधी तोंडातून काढलं नाही. कदाचित मनातही आणलं नसेल.

दुसऱ्या वर्षी थेरेसाबायने कमाल केली. डोक्यावर पदर घेऊन एकटी पाद्रीकडे गेली आणि तारीख ठरवून आली, दहा मे. मीरतेतले शिपाई काय आपल्या मांडवात येणार आहेत, असं ती मला म्हणाली. काका ऐकून गप्प बसले. त्यांचं ते गप्प बसणं मला तेव्हाच आवडलं नव्हतं.

आमच्यात लग्नाआधी तीन रविवार चर्चमध्ये नवरा-नवरीची नावं पुकारतात. या लग्नाला कुणाला काही अडचण ठाऊक असेल तर सांगा, असं पाद्री विचारतो. विचारायची रीत म्हणून विचारतो, उत्तर कुणी देत नाही. पहिला रविवार गेला. दुसराही गेला. थेरेसाबायने शिंप्याकडून लग्नाचं पोलकं आणलं, मला घालून दाखवलं. मी तिला इतकी सुंदर कधी बघितली नव्हती.

तिसऱ्या रविवारी इनासची आई मुद्दाम कल्याणहून आली आणि पुढच्या बाकावर बसली. पाद्रीने नावं पुकारली, विचारलं, आणि पान उलटणार तोच काका उभे राहिले.

"अडचण नाही," काका म्हणाले. "पण मला ठाऊक आहे ते न सांगणं पाप होईल. दहा मेला मी एका नवरदेवाची घंटा ओढलीय. कल्याणचाच होता. पटकी झाली. लग्नाच्या कोटातच पुरला त्याला."

पाद्री चिडला. ही अडचण धरता येत नाही, बसा खाली, म्हणाला. काका लगेच बसले, अगदी आज्ञाधारकपणे. पण इनासच्या आईने कपाळ, छाती, खांदे असा क्रूस केला. एकच मुलगा होता तिला. मिस्सा संपायच्या आत ती उठून स्टेशनकडे चालू लागली. थेरेसाबाय तिच्यामागे मासुंद्याच्या वळणापर्यंत धावली. म्हातारीने तिचे हात हातात घेतले, रडली, आणि तरीही गेली.

इनास त्यानंतर दोनदा आला. दुसरी तारीख धरू म्हणाला. काका ओसरीवरच बसलेले, त्यांनी दुसऱ्या तारखेचंही सांगितलं. मग तो यायचा थांबला. पुढच्या नऊ फेब्रुवारीला त्याने कल्याणातल्याच एका मुलीशी लग्न केलं. त्या दिवशी थेरेसाबायने पोलक्याची शिवण उसवली, कापडाची उशी केली आणि काकांच्या गुडघ्यांखाली दिली. मी रडले. ती रडली नाही, मला म्हणाली, जा घरी, आईला काम असेल.

पुढे तिला स्थळ आलं नाही. येणार कसं, अख्ख्या ठाण्याने ऐकलं होतं. काकांच्या हातून घंटेचा दोर सुटला, डोळ्यांवर पडदा आला, पण तारखा होत्या तशाच. लोक अजून विचारायला यायचे. थेरेसाबाय त्यांना पाणी द्यायची. तिचे केस कपाळावर पिकू लागले होते.

मग माझं लग्न ठरलं. मी काकांकडे जाणार नव्हते, पण बाप म्हणाला, थोरला आहे, विचारल्याशिवाय बरं दिसत नाही. दुपारची वेळ, काका पाटावर बसलेले, थेरेसाबाय बोंबलाचं कालवण वाढत होती. मी सांगितलं, पाद्रीने नऊ फेब्रुवारी सुचवलीय. बोलून गेल्यावर मला ती तारीख कळली आणि जीभ चावावीशी वाटली. थेरेसाबायच्या हातातली पळी थांबली.

काकांनी डोळे मिटले. मनातल्या मनात सगळी वर्षं फिरून आले, आणि त्यांचा चेहरा उजळला.

"नऊ फेब्रुवारी? बिनघोर कर," ते म्हणाले. "एकदम स्वच्छ दिवस. त्या दिवशी कधीच काही घडलेलं नाही."

मी खाली बघितलं. मला वाटलं, आता ही बोलेल, इतक्या वर्षांचं सगळं बोलेल.

"बा," थेरेसाबाय म्हणाली, "त्या दिवशी इनासचं लग्न झालं."

काका घास हातात धरून विचार करत राहिले. खरोखर आठवायचा प्रयत्न करत होते, ते मला दिसत होतं.

"कोण इनास?"

थेरेसाबायने पळीभर कालवण त्यांच्या भातावर घातलं.

"कुणी नाही," ती म्हणाली. "जेव, बा. निवतंय."