मरणाऱ्या जर्मनाचं काम

नागपूरच्या विमानतळावर बाबा एवढंच म्हणाले होते, "मान खाली घालून काम कर. कुणाच्या अध्यात ना मध्यात." आईने तोंड फिरवलं, तुम्ही भावंडं हात हलवत राहिलात. अमेरिकेत, ट्रॉयला येऊन इतकी वर्षं झाली, पण ऑफिसात मी अजून आवाज चढवलेला नाही.

शेजारी मिर्को राहतात. रेवा, माझी मुलगी, त्यांना काका म्हणते. युगोस्लाव्हिया नावाचा देश होता तेव्हा ते तिथल्या सिनेमात कामं करायचे. हीरोची नव्हे. डोळे घारे, म्हणून प्रत्येक युद्धपटात जर्मन अधिकारी. दोन वाक्यं बोलायची आणि गोळी खाऊन पडायचं. पोस्टरवर कधीच नव्हतो, असं मोठ्या फुशारकीने सांगतात.

यंदा इथली हवा बदललीय, बाहेरून आलेल्यांची धरपकड चाललीय. माझं व्हिसाचं एक्स्टेन्शन अडकलंय. मित्र फोनवर म्हणतात, "यार, लो प्रोफाइल ठेव." आणि इथेच जन्मलेली, कॉलेजात जाणारी रेवा म्हणे या धरपकडीविरुद्ध शनिवारच्या निदर्शनात माईकवर बोलणार! माझी झोपच उडाली. मी तिला मिर्कोंकडे नेलं. ज्यांनी देश मोडताना पाहिला, ते तरी हिला समजावतील.

त्यांनी सांगितलं ते असं. खरं युद्ध पेटल्यावर ते आणि त्यांचा मित्र एकाच गाडीतून निसटत होते. मित्र म्हणजे पडद्यावर त्यांना कितीदा तरी मारणारा हीरो. नाक्यावर सैनिकांनी अडवलं. एकाने मिर्कोंना ओळखलं, "हा तर तो मरणारा जर्मन!" त्यांना तिथेच मरून दाखवायला लावलं. ते चिखलात पडले. सैनिक पोट धरून हसले.

"बघ," मी रेवाला म्हणालो, "छोटी कामं केली म्हणून वाचले."

"अँड युअर फ्रेंड?" तिने त्यांना विचारलं.

मिर्को म्हणाले, "तो युद्धाविरुद्ध सभांमध्ये बोलायचा. त्याला झाडीकडे नेलं. मी चिखलातच पडून राहिलो, मेल्यासारखा. ते काम मला चांगलं जमायचं."

त्यानंतर मी तिला अडवलं नाही.

आज शनिवार. ती सकाळीच गेली. तुम्ही फोनवर म्हणता, परत या की सगळे. यावंसं वाटतं, खोटं कशाला बोलू? भीतीही वाटते, फार वाटते. पण मी बूट घातलेत. पासपोर्ट खिशात ठेवलाय, कुणी विचारलाच तर असावा. घर म्हणाल तर आज ती उभी आहे तेवढीच जागा आहे, आणि मी तिकडे निघालोय.